ऑडिओ सॉफ्टवेअर डीएलएलवर अडलं तर: लायब्ररी फाइल ओळखायची, बसवायची आणि तपासायची कशी

हरिपाठ किंवा कीर्तन फोनवर रेकॉर्ड करायचं, ती एम4ए फाइल घरच्या डेस्कटॉपवर आणायची, ऑडॅसिटी या ऑडिओ एडिटरमध्ये उघडायला जायचं आणि तिथे 'एफएफएमपेग लायब्ररी सापडली नाही' असा निरोप यायचा, हा अनुभव नाशिकमध्ये आवाजाचं काम करणाऱ्या पुष्कळांचा आहे. पंचवटीतलं भजनी मंडळ असो, ढोल पथकाच्या सरावाचं रेकॉर्डिंग साफ करणारा मुलगा असो, नाहीतर सिग्नल प्रोसेसिंगचा प्रोजेक्ट घेऊन बसलेली अभियांत्रिकीची विद्यार्थिनी असो, गाडं बहुतेक याच जागी अडतं.

अशा वेळी जे पहिलं सुचतं तेच सगळ्यात घातक असतं: फाइलचं नाव गुगलवर टाकायचं, सुटी डीएलएल (विंडोजवर सॉफ्टवेअरला लागणारी लायब्ररी फाइल) देणाऱ्या एखाद्या साइटवरून ती उतरवायची आणि विंडोजच्या सिस्टम32 फोल्डरात नेऊन टाकायची. हे करू नका. त्या फाइलवर कोणाची सही असेल, ती कोणत्या आवृत्तीची असेल, आत काय भरलेलं असेल याचा काही भरवसा नसतो. शिवाय सिस्टम32 मध्ये टाकलेली चुकीची फाइल आज चालणाऱ्या दुसऱ्या सॉफ्टवेअरलाही बिघडवू शकते. मुळात निरोपात जिचं नाव येतं तीच फाइल दोषी असते असं नाही. ती हजर असते, पण तिला लागणारी दुसरी फाइल नसते. किंवा दोन्ही असतात, पण एक 32 बिटची आणि दुसरी 64 बिटची. किंवा आवृत्तीचा आकडाच जुळत नाही. म्हणून आधी निदान, मग डाउनलोड.

नावावरून घराणं ओळखा

स्क्रीनवर आलेल्या निरोपाचा फोटो काढून ठेवा आणि फाइलचं पूर्ण नाव, शेवटच्या आकड्यासकट, कागदावर उतरवा. ऑडिओच्या कामात येणारी नावं थोड्याच घराण्यांतली असतात.

एव्हीकोडेक, एव्हीफॉरमॅट, एव्हीयुटिल, एसडब्ल्यूरिसॅम्पल ही एफएफएमपेगची मंडळी. एम4ए, डब्ल्यूएमए, व्हिडिओतला आवाज असं काही उघडताना ती लागतात. लिबसाउंडफाइल ही वेव्ह, एआयएफएफ, फ्लॅक, ऑग वाचते-लिहिते; एमपी3 ती 1.1.0 या आवृत्तीपासून, म्हणजे 2022 पासून हाताळते. लिबसॅम्पलरेट आणि सॉक्सआर सॅम्पल रेट, म्हणजे सेकंदाला घेतलेल्या नमुन्यांची संख्या, बदलतात. एफएफटीडब्ल्यू स्पेक्ट्रमचं, म्हणजे आवाजात कोणती कंपनं किती आहेत याचं, गणित करते. पोर्टऑडिओ साउंड कार्डाशी बोलते. रबरबँड आणि साउंडटच पट्टी न बदलता लय बदलतात, किंवा लय न बदलता पट्टी. यांतली कोणतीही फाइल विंडोजची स्वतःची नाही. ती सॉफ्टवेअरसोबत येते, किंवा त्या लायब्ररीच्या मूळ प्रकल्पाकडून घ्यायची असते.

नाव एमएसव्हीसीपी किंवा व्हीसीरनटाइमने सुरू होत असेल, तर गोष्ट ऑडिओची नाहीच. ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रनटाइमची, म्हणजे त्यात बांधलेल्या सॉफ्टवेअरला चालताना लागणाऱ्या फाइलींच्या संचाची, आहे आणि तिचा इलाज सगळ्यात सोपा आहे, म्हणून तो आधी.

रनटाइम: दहा मिनिटांचं काम

नावातला आकडा पाहा. 90 म्हणजे 2008 चं पॅकेज, 100 म्हणजे 2010, 110 म्हणजे 2012, 120 म्हणजे 2013 आणि 140 म्हणजे 2015 व त्यापुढचं. 2015 पासून 2022 पर्यंतच्या सगळ्या आवृत्त्यांना एकच पॅकेज चालतं, पण त्याआधीच्या प्रत्येकाचं वेगळं लागतं. आवाजाला घुमारा देणारा जुना एखादा आवडता रिव्हर्ब 100 मागत असेल, तर 140 चं पॅकेज कितीदाही टाकलं तरी उपयोग नाही.

पॅकेज मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्या आणि 64 बिटच्या विंडोजवर एक्स64 (64 बिट) व एक्स86 (32 बिट) ही दोन्ही बसवा. इथेच बहुतेकांची गफलत होते. 'माझं मशिन 64 बिट आहे' म्हणून फक्त एक्स64 टाकतात, आणि सॉफ्टवेअर 32 बिटचं असतं. दोन्ही एकत्र सुखाने नांदतात, एकाने दुसऱ्याचं काही बिघडत नाही. बसवल्यावर मशिन एकदा रीस्टार्ट करा.

एक बारीक खूण: 140 च्या मागे इंग्रजी 'डी' असेल, म्हणजे एमएसव्हीसीपी140डी, तर कुठलंही पॅकेज टाकून ती फाइल येणार नाही. ती डीबग बिल्डची, म्हणजे दोष शोधण्यासाठी बांधलेल्या प्रतीची, आहे आणि फक्त व्हिज्युअल स्टुडिओ असलेल्या मशिनवर असते. घरी चाललेला प्रोजेक्ट कॉलेजच्या लॅबमध्ये चालत नाही याचं हे अगदी नेहमीचं कारण. प्रोजेक्ट 'रिलीज' मोडमध्ये पुन्हा बांधायचा, एवढाच उपाय.

अपडेट चालू असताना लाइट गेली आणि त्यानंतर विंडोजच्याच फाइलींबद्दल तक्रारी येऊ लागल्या, तर अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून आधी डीआयएसएमची 'रिस्टोअर हेल्थ' आणि मग एसएफसीची 'स्कॅन नाऊ' चालवा, याच क्रमाने. एसएफसी ज्या साठ्यातून चांगली फाइल उचलते, तो साठा डीआयएसएम दुरुस्त करते. निफाड-सिन्नरकडे, जिथे दिवसातून दोन-तीनदा लाइट जाते, तिथे इन्व्हर्टर नसेल तर इन्स्टॉलेशनच्या वेळी लॅपटॉप जवळ करा.

32 की 64: सगळ्यात जास्त घोळ इथेच

64 बिटचं सॉफ्टवेअर 32 बिटची डीएलएल आपल्यात घेऊ शकत नाही, आणि उलटही नाही. यात तडजोड नाही. गंमत अशी की विंडोज नेहमी 'जुळत नाही' असं स्पष्ट सांगत नाही. कधी 'फाइल सापडली नाही' म्हणतं, कधी नुसता 0एक्ससी000007बी हा आकडा दाखवतं. हा आकडा दिसला की पहिला संशय बिटच्या गफलतीवर घ्या.

चालू सॉफ्टवेअर किती बिटचं आहे ते पाहायला टास्क मॅनेजर उघडा, 'डीटेल्स' या टॅबवर जा, वरच्या रकान्यांच्या पट्टीवर राइट क्लिक करून 'सिलेक्ट कॉलम्स' निवडा आणि 'प्लॅटफॉर्म'ला टिक करा. प्रत्येक सॉफ्टवेअरसमोर 32 किंवा 64 लिहून येईल.

डीएलएल किती बिटची आहे हे पाहायला वेगळं काही उतरवायची गरज नाही. तिची एक प्रत डेस्कटॉपवर काढा आणि ती नोटपॅडमध्ये उघडा. सगळा कचरा दिसेल, घाबरू नका. सुरुवातीलाच 'हा प्रोग्रॅम डॉस मोडमध्ये चालणार नाही' अशा अर्थाचं इंग्रजी वाक्य सापडेल. त्याच्या थोडं पुढे 'पीई' ही दोन कॅपिटल अक्षरं दिसतील. त्यांच्या लगेच पुढे कॅपिटल 'एल' असेल तर फाइल 32 बिटची, छोटा 'डी' आणि त्यापुढे खंजिरासारखी खूण असेल तर 64 बिटची. पाहून झालं की सेव्ह न करता बंद करा. नोटपॅडने सेव्ह केलेली डीएलएल कामातून गेली म्हणून समजा, म्हणूनच प्रतीवर काम करायचं.

फोल्डरांची नावं इथे आणखी फसवतात. 64 बिट विंडोजमध्ये सिस्टम32 हे फोल्डर 64 बिटच्या फाइलींचं आहे आणि सिसवाव64 हे 32 बिटच्या. नावाच्या बरोबर उलट. जुन्या सॉफ्टवेअरला चालू ठेवण्यासाठी मायक्रोसॉफ्टने नावं तशीच ठेवली. पण ऑडिओच्या लायब्ररी या दोन्हींपैकी कशातही टाकायच्या नसतातच. विंडोज साधारणपणे डीएलएल आधी सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरात शोधतं, नंतर सिस्टमच्या फोल्डरात, आणि शेवटी 'पाथ' या विंडोजच्या यादीत लिहिलेल्या जागांमध्ये. म्हणून डीएलएल सॉफ्टवेअरच्या ईएक्सईशेजारी ठेवणं सगळ्यात बिनधोक: तिचा परिणाम तेवढ्याच सॉफ्टवेअरपुरता राहतो, आणि काही बिघडलं तर ती उचलून फेकता येते.

ऑडॅसिटी आणि एफएफएमपेग

आता सुरुवातीच्या एम4एकडे. एमपी3 साठी आता वेगळं काही लागत नाही, 2.3.2 पासून लेम ही एमपी3 बनवणारी लायब्ररी ऑडॅसिटीच्या आतच आहे. एम4ए, डब्ल्यूएमए आणि व्हिडिओतल्या आवाजासाठी मात्र एफएफएमपेग स्वतंत्र बसवावं लागतं.

एफएफएमपेग विंडोजसाठी बांधून देणारे साधारण दोन तऱ्हेची पॅकेजं देतात: 'स्टॅटिक' आणि 'शेअर्ड'. स्टॅटिकमध्ये सगळं एकाच ईएक्सईत भरलेलं असतं, डीएलएल एकही नसते. ऑडॅसिटीला डीएलएलच हव्या असतात, म्हणून नावात 'शेअर्ड' असलेलंच पॅकेज घ्या. स्टॅटिक उतरवून 'यात तर ती फाइलच नाही' म्हणत कपाळाला हात लावणारे खूप आहेत.

दुसरं, आवृत्ती. एफएफएमपेग 4 मध्ये एव्हीफॉरमॅटचा आकडा 58 असतो, 5 मध्ये 59, 6 मध्ये 60 आणि 7 मध्ये 61. एव्हीकोडेकचे आकडे हेच, पण एव्हीयुटिलचे वेगळे: अनुक्रमे 56, 57, 58 आणि 59. म्हणजे एव्हीफॉरमॅट-60 सोबत एव्हीयुटिल-58 दिसली तर ती चूक नव्हे, तीच बरोबर जोडी आहे. 'आकडे सारखे करायला' फाइलचं नाव बदलू नका. आतल्या रचना आवृत्तीगणिक बदलतात, आणि नाव बदलून जबरदस्तीने चढवलेली लायब्ररी ऐन एक्सपोर्टच्या वेळी सॉफ्टवेअर पाडते. तुमची ऑडॅसिटी जुनी असेल आणि एफएफएमपेग अगदी ताजं, तर ऑडॅसिटी त्याला ओळखणार नाही; अशा वेळी एफएफएमपेग एक पिढी मागचं घ्या किंवा ऑडॅसिटी पुढची. 2 च्या मालिकेतली विंडोज ऑडॅसिटी तर 32 बिटची होती आणि तिला एव्हीफॉरमॅट-55 लागायची. तिच्यात आजचं काही बसवायच्या नादी लागू नका, ऑडॅसिटीच बदला.

उतरवलेल्या झिपवर आधी राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज' उघडा. खाली 'अनब्लॉक' असा चौकोन दिसला तर टिक करा आणि मग झिप उघडा. हे झिप उघडण्याआधी करायचं. नंतर करायचं म्हटलं तर आतल्या एकेका फाइलला करत बसावं लागतं. सी ड्राइव्हच्या 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये 'एफएफएमपेग' नावाचं फोल्डर करा आणि झिपमधल्या 'बिन' फोल्डरातल्या सगळ्या डीएलएल त्यात एकत्र टाका. फक्त एव्हीफॉरमॅट उचलून चालणार नाही. ती एव्हीकोडेकवर उभी आहे, एव्हीकोडेक एसडब्ल्यूरिसॅम्पलवर, आणि सगळ्या मिळून एव्हीयुटिलवर. 'लिब' आणि 'इन्क्लूड' ही फोल्डरं प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांसाठी, ती सोडून द्या.

मग ऑडॅसिटीत 'एडिट', 'प्रेफरन्सेस', 'लायब्ररीज' असं जा, 'लोकेट' दाबा आणि त्या फोल्डरातली एव्हीफॉरमॅट दाखवा. वर आवृत्तीचा आकडा उमटला की झालं. ऑडॅसिटी बंद करून पुन्हा उघडा. आकडा उमटलाच नाही, तर बिट तपासा, बाकीच्या डीएलएल शेजारी आहेत का पाहा, आणि मग खालच्या पायरीकडे या.

मागची फाइल शोधायची

फाइल जागेवर आहे, बिट जुळतात, तरी 'सापडली नाही' येतं, तेव्हा तिला लागणारी कोणीतरी गैरहजर असते. 'डिपेंडन्सीज' नावाचं मोफत साधन आहे, जुन्या डिपेंडन्सी वॉकरचा नवा वारसदार. त्यात डीएलएल उघडली की ती कोणाकोणावर अवलंबून आहे त्याचं झाड दिसतं आणि जी सापडत नाही तिच्यावर खूण येते. जुना डिपेंडन्सी वॉकर विंडोज 10 आणि 11 वर वापरू नका. एपीआय-एमएस-विनने सुरू होणाऱ्या नावांवर तो उगाच ढीगभर लाल खुणा दाखवतो आणि माणूस भलतीकडेच शोधत बसतो.

तेवढ्याने भागलं नाही तर मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्समधला प्रोसेस मॉनिटर. फिल्टरमध्ये दोनच अटी घाला: प्रोसेसचं नाव तुमचं सॉफ्टवेअर, आणि पाथचा शेवट डीएलएलने. मग सॉफ्टवेअर चालू करून तो निरोप येईपर्यंत थांबा. यादीत 'नेम नॉट फाउंड' शेकड्याने दिसेल. ते सगळे दोष नव्हेत, कारण विंडोज एकच नाव एकामागून एक फोल्डरांत शोधत जातं आणि मध्ये नकार येणारच. पाहायचं ते एवढंच: कोणत्या नावासमोर शेवटपर्यंत एकदाही 'सक्सेस' आलेलं नाही. निरोप येण्याच्या अगदी आधीच्या ओळींमध्ये तेच नाव असतं, आणि ते बहुतेक वेळा स्क्रीनवरच्या नावाहून वेगळं निघतं.

'रेगएसव्हीआर32 चालवा' असा सल्ला जिकडेतिकडे मिळतो. तो फक्त कॉम पद्धतीच्या, म्हणजे विंडोजमध्ये नोंदवाव्या लागणाऱ्या, फाइलींना लागू आहे: डायरेक्टशोचे फिल्टर, किंवा एएसआयओ (साउंड कार्डाशी कमी विलंबाने बोलणाऱ्या) ड्रायव्हरची डीएलएल. लिबसाउंडफाइल किंवा एफएफटीडब्ल्यूवर ती कमांड चालवली तर 'डीएलएल रजिस्टर सर्व्हर हा एंट्री पॉइंट नाही' असं उत्तर येईल. त्याचा अर्थ फाइल खराब आहे असा नाही, तिला नोंदणी लागत नाही एवढाच.

आणखी एक प्रकार जुन्या डेस्कटॉपवर दिसतो. सेकंड हँड घेतलेलं मशिन, सगळ्या फाइली जागेवर, तरी सॉफ्टवेअर उघडताच बंद पडतं आणि इव्हेंट व्ह्यूअरमध्ये 0एक्ससी000001डी असा आकडा असतो. लायब्ररी एव्हीएक्स2 सूचनांसाठी बांधलेली आहे आणि प्रोसेसरला त्या येत नाहीत. इंटेल कोअरमध्ये एव्हीएक्स2 चौथ्या पिढीपासून, म्हणजे 2013 पासून आलं. तिसऱ्या पिढीच्या आय5 मध्ये ते नाही, आणि त्या काळच्या पेंटियम-सेलेरॉनमध्ये तर साधं एव्हीएक्सही नाही. इथे फाइल बदलून बदलून काही होणार नाही. एसएसई2 या जुन्या सूचनांसाठी बांधलेली आवृत्ती मिळते का ते पाहा.

प्लगइन आणि एएसआयओ

व्हीएसटी2 पद्धतीचा प्लगइन, म्हणजे ऑडिओ सॉफ्टवेअरला जोडायचा इफेक्ट किंवा वाद्य, विंडोजवर नुसती डीएलएल असतो आणि तो कुठेही ठेवता येतो. होस्ट सॉफ्टवेअरला, म्हणजे क्यूबेस, रीपर यांसारख्या प्लगइन चालवणाऱ्या सॉफ्टवेअरला, ते फोल्डर सांगावं लागतं. व्हीएसटी3 ची जागा ठरलेली आहे: सी ड्राइव्ह, 'प्रोग्रॅम फाइल्स', 'कॉमन फाइल्स', 'व्हीएसटी3'. तिथेच ठेवा. ऑडॅसिटी व्हीएसटी3 घेते ती 3.2 पासून. प्लगइन यादीत दिसत नसेल तर पुन्हा तेच पहिलं कारण, 32 बिट. क्यूबेसने 32 बिटचे प्लगइन 9 व्या आवृत्तीपासून बंद केले. रीपर विंडोजवर ते स्वतःच्या 'ब्रिज'मधून अजून चालवतो. प्लगइनची डीएलएल एका मशिनवरून दुसऱ्यावर नुसती कॉपी करणं टाळा. तिच्यासोबतचे नमुन्यांचे आवाज, प्रीसेट आणि परवाना दुसरीकडे असतात, आणि प्लगइन उघडतो पण आवाज काढत नाही.

एएसआयओ ड्रायव्हर दिसत नसेल तर साउंड कार्डाच्या कंपनीचं इन्स्टॉलर पुन्हा चालवा, हाताने डीएलएल हलवू नका. बफरचा, म्हणजे एका वेळी साठवून पुढे धाडायच्या सॅम्पलचा, हिशेब लक्षात ठेवा: 48000 वर 256 सॅम्पल म्हणजे 5.3 मिलिसेकंद. हेडफोन लावून ताशावर ओव्हरडब करायचं असेल तर एवढं हवंच. मिक्सिंग करताना 1024 ठेवा, कडकड थांबेल.

प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांसाठी

एफएफटीडब्ल्यूची नावं नीट वाचा. शेवटी 'एफ' असलेली डीएलएल सिंगल प्रिसिजनची, 'एफ' नसलेली डबलची. फंक्शनची नावंही त्याप्रमाणे बदलतात. एकीचा हेडर आणि दुसरीची लायब्ररी जोडली की 'अनरिझॉल्व्ह्ड एक्स्टर्नल' येतो. व्हिज्युअल स्टुडिओला डीएलएल पुरत नाही, इम्पोर्ट लायब्ररी लागते. झिपमध्ये डीईएफ फाइल मिळते, तिच्यावरून 'लिब' ही कमांड चालवून ती बनवा, आणि मशिनचा प्रकार एक्स64 असल्याचं तिला सांगायला विसरू नका.

पुढचे दोन दोष लायब्ररीचे वाटतात, पण वापराचे असतात. 'मेझर' पद्धतीने प्लॅन बनवताना एफएफटीडब्ल्यू तुमच्या अॅरेमधला मजकूर पुसते. म्हणून प्लॅन आधी, डेटा नंतर. आणि सरळ व उलट एफएफटी केल्यावर उत्तर एन पटीने (एन म्हणजे एफएफटीचा आकार) मोठं येतं, ते एन ने भागायचं काम तुमचं. एन 4096 असताना न भागता फाइल लिहिली तर आवाज 72 डेसिबलने वर जातो. कानाला लावलेला हेडफोन आधी काढून ठेवा.

पायथनमध्ये साउंडफाइल हे पॅकेज विंडोजवर लिबसाउंडफाइल सोबत घेऊनच येतं, वेगळी डीएलएल शोधू नका. स्वतः बांधलेली लायब्ररी जोडत असाल तर 3.8 पासूनचा बदल माहीत हवा: मॉड्यूलला लागणाऱ्या डीएलएल पायथन आता पाथमध्ये शोधत नाही. ओएस मॉड्यूलमधल्या 'अॅड डीएलएल डिरेक्टरी' या फंक्शनने फोल्डर दाखवावं लागतं. पाथ दहा वेळा तपासूनही न सुटणारा प्रश्न इथे सुटतो.

प्रोजेक्ट विकायचा विचार असेल तर परवाना आधीच बघा. एफएफटीडब्ल्यू जीपीएल आहे, म्हणजे तुमचा सोर्सही खुला करावा लागतो किंवा एमआयटीकडून व्यावसायिक परवाना घ्यावा लागतो. लिबसाउंडफाइल एलजीपीएल आहे. वेगळी डीएलएल म्हणून जोडली तर तुमचा सोर्स तुमच्याकडे राहतो.

लिनक्सवर हे सगळं बरंच सोपं. उबुंटूत लायब्ररी पॅकेज मॅनेजरकडून घ्या. कंपाइल करायचं असेल तर नावाच्या शेवटी 'डेव्ह' (dev) असलेलं पॅकेजही लागतं, हेडर त्यात असतात. कोणती फाइल सापडत नाही ते एलडीडी सांगते. हाताने बसवलेली एसओ (लिनक्सची लायब्ररी) फाइल दिसत नसेल तर एलडीकॉन्फिग एकदा चालवा. मॅकवर एम मालिकेच्या प्रोसेसरला एआरएम64 ची डायलिब (मॅकची लायब्ररी फाइल) हवी. लायब्ररीत कोणता प्रकार आहे ते 'फाइल' ही कमांड दाखवते, आणि ती कोणावर अवलंबून आहे ते ओटूल.

बसवल्यावर तपासा

लायब्ररी चढली म्हणजे ती बरोबर काम करते असं नाही. ऑडॅसिटीत प्रोजेक्टचा रेट 44100 ठेवून 'जनरेट', 'टोन' मधून 1000 हर्ट्झचा साइन टोन 60 सेकंद बनवा, एम4ए म्हणून एक्सपोर्ट करा आणि ज्या सॉफ्टवेअरची शंका आहे त्यात ती फाइल 48000 च्या प्रोजेक्टवर उघडा. स्पेक्ट्रममध्ये शिखर 1000 च्या आसपास आणि लांबी 60 सेकंद आली पाहिजे. थोडे मिलिसेकंद पुढे-मागे झाले तर ते एन्कोडरचे, सोडून द्या. शिखर 1088 वर आणि लांबी साधारण 55 सेकंद आली, तर सॅम्पल रेट बदलणारं कोणी मध्ये नाही आणि 44100 ची फाइल 48000 ने पळते आहे. काळी एकमध्ये गायलेला अभंग पांढरी दोन आणि काळी दोनच्या मधोमध कुठेतरी ऐकू येईल. पेटीवाल्याला ते लगेच कळतं, मशिनवर बसलेल्याला बऱ्याचदा नाही.

दुसरी तपासणी घुमण्याची. आपल्याकडे वीज 50 हर्ट्झची, म्हणून घूं असा आवाज 50, 100, 150 वर सापडतो. ऑडॅसिटीच्या नॉच फिल्टरमध्ये (तो एकच अरुंद पट्टा कापतो) मुळात 60 भरलेलं असतं, ते 50 करा आणि क्यू 30 च्या आसपास न्या. क्यू कमी ठेवला तर फिल्टर रुंद होतो आणि ढोलाचा खालचा ठेका, जो याच भागात असतो, सोबत जातो. मंडपात जनरेटरवर रेकॉर्डिंग झालं असेल तर नेमकं 50 धरू नका. स्पेक्ट्रमचा आकार 65536 ठेवून शिखर कुठे आहे ते वाचा आणि तोच आकडा भरा.

तिसरी लांब रेकॉर्डिंगची. साध्या वेव्ह फाइलची मर्यादा 4 जीबी. 48000, 24 बिट, स्टिरिओ धरलं तर ती 4 तास 8 मिनिटांत भरते. 32 बिट फ्लोट असेल तर 3 तास 6 मिनिटांत. काही जुनी सॉफ्टवेअरं 2 जीबीवरच अडतात, म्हणजे वेळ निम्मा. पौष वद्य एकादशीला त्र्यंबकेश्वरी निवृत्तिनाथांच्या यात्रेत रात्रभराचा जागर एकाच फाइलीत घ्यायचा असेल, तर आरएफ64 किंवा डब्ल्यू64 हे मोठ्या फाइलींचे प्रकार निवडा. लिबसाउंडफाइल दोन्ही वाचते. पण तुमचं रेकॉर्डर आरएफ64 लिहितं आणि एडिटरमधली लायब्ररी जुनी असेल, तर फाइल उघडणार नाही, किंवा उघडली तरी लांबी चुकीची दाखवू शकते. ती तशी सेव्ह करू नका. एडिटर बंद करा, लायब्ररी नवी बसवा आणि मूळ फाइल पुन्हा उघडा; आतला आवाज शाबूत असतो.